तोंडाचा चाळा

धाकट्या दिराच्या डोक्यात सिनेमाचं खूळ शिरलं, तेव्हा घरात त्याची बाजू घेतली ती एकट्या वहिनीने. घरातले शांत क्षण टिपायचे, गोष्ट नाही, संवाद नाही, आवाजसुद्धा नाही, असला तो प्रकार. स्वयंपाकघरातल्या फळीवर कॅमेरा चालू ठेवून तो निघून जाई. सुरुवातीला सगळे सावरून बसत, मग कॅमेऱ्याकडे कुणी ढुंकूनही पाहीना.

वहिनी चष्म्याच्या दुकानात काचा बसवायची. लहानपणापासून जीभ अडखळे, म्हणून बोलायची मोजकंच. नवऱ्याने त्यावरून तिला कधी टोचलं नव्हतं, आणि याचं तिला फार अप्रूप होतं.

सिनेमा दाखवला त्या दिवशी छोटा हॉल भरला होता. पडद्यावर वाफ धरलेली खिडकी आली, डुलक्या घेणाऱ्या सासूबाई आल्या, मग जेवणाचं टेबल. वहिनी कसंबसं काही विचारते, पाणी आणायला वळते. तिची पाठ फिरताच नवरा मान ताणतो, डोळे घट्ट मिटतो, ओठ फडफडवतो. शब्द अडला की ती करते तसं, हुबेहूब. सासूबाई हसू दाबतात. लेक खिदळते आणि स्वतः करून दाखवते, बापापेक्षाही सफाईने. वहिनी पाण्याचा जग घेऊन येते. तिघं निमूट जेवू लागतात.

हॉल खळखळून हसला.

एवढी सफाई एका दिवसात येत नाही, हे वहिनीला कळत होतं.

"अगं, गंमत होती ती," नवरा कुजबुजला.

सिनेमा संपून टाळ्या थांबल्यावर दिराने तिला पुढे बोलावलं. हे ठेवलंस कशाला, असं तिच्या डोळ्यांत त्याने वाचलं असावं. तो हळूच म्हणाला, "वहिनी, सगळ्यात तेवढाच तुकडा जिवंत होता." आणि त्याने माईक तिच्या हातात दिला.

तिने मान ताणली, डोळे घट्ट मिटले. हॉलमध्ये कुणीतरी फिसकन हसलं.

"प... प... परत दाखवा."

लोकांना ती दाद वाटली. दिवे मालवले गेले, तुकडा पुन्हा लागला. वहिनीने या वेळी पडद्याकडे पाहिलंच नाही. पहिल्या रांगेतल्या लेकीकडे पाहत उभी राहिली. लेकीने आधी मान खाली घातली. मग हॉल हसू लागला. तिने वर पाहिलं, आजूबाजूला पाहिलं, आणि सगळे हसताहेत म्हटल्यावर तीही मोकळेपणी हसली.