कृपया डोक्यावर हात ठेवा

लेसिएलीने बापाचा चेहरा यंत्रात घातला तेव्हा बाप तिच्याशी बोलत नव्हता. बँकेतली नोकरी सोडून ती पडद्यांची आणि कॅमेऱ्यांची कला करायला लागली, त्या दिवसापासून सेमिसीने तोंडात मिठाची गुळणी धरली होती. काही सांगायचं झालंच तर बायकोला सांगायचा, लेक समोर बसलेली असली तरी. "तिला म्हणावं, मीठ सरकव."

मग चेहरा दिला कसा? दिला, कारण टोंगातल्या नुकुअलोफाहून त्याच्या थोरल्या बहिणीने फोनवर फर्मावलं. टोंगन घरात बहिणीचा शब्द भावाने मोडायचा नसतो, मग भाऊ ऑकलंडला असो नाहीतर चंद्रावर. सेमिसी निमूट कॅमेऱ्यापुढे बसला आणि बायकोला म्हणाला, "तिला म्हणावं, हे थेर बघायला मी येणार आहे. पोरगी आपली राहिलीय की हातची गेलीय, ते तिथेच कळेल."



शनिवारी दुपारी ऑकलंडच्या मांगेरे भागातल्या कलादालनात प्रदर्शन उघडलं. भिंतीएवढ्या पडद्यावर सेमिसीचं डोकं. त्या डोक्यावर हात ठेवला की यंत्र तुमचा चेहरा टिपायचं आणि त्याच्या चेहऱ्यात मिसळायचं. नगरसेवकाला सेमिसीचे कान मिळाले. एका गोऱ्या बाईला त्याच्या भुवया मिळाल्या आणि त्या तिला शोभल्याही. समारंभाला नेसतात ती टोंगन चटई कमरेला गुंडाळलेला खरा सेमिसी पहिल्या रांगेत, मांडीवर उकडलेल्या तारोकंदांची ताटली घेऊन, हे सगळं बघत होता. चेहऱ्यावरची रेघही हलत नव्हती.

दालनाची प्रमुख कॅथ माइकवर म्हणाली, "आणि आता, स्वतः कलाकार!"

इथे पंचाईत झाली. बापाच्या डोक्याला लेकराने हात लावायचा नाही, ही टोंगन रीत लेसिएलीला चालायला यायच्या आधीपासून ठाऊक. म्हणून तर यंत्र तपासायला तिने दर वेळी वायरमनला उभं केलं होतं. कोणी आपल्यालाही बोलावेल, हे मात्र तिला सुचलं नाही. एवढी हुशार बाई, पण नाही सुचलं.

"कृपया डोक्यावर हात ठेवा," यंत्र म्हणालं.

ती उभीच.

"अगं, काच आहे ती," कॅथ कुजबुजली.

"कृपया डोक्यावर हात ठेवा."

"गप रे मेल्या!" आई रांगेतून यंत्रावर खेकसली.

लेसिएलीने माइक घेतला. "मला नाही जमणार," ती म्हणाली. "ते माझे बाबा आहेत." आणि बापापेक्षा आपलं डोकं उंच नको म्हणून ती तिथेच जमिनीवर बसली.

लोकांनी टाळ्यांचा कडकडाट केला. कॅथने डोळे पुसले. "काय सुंदर! हे दर शनिवारी करशील?"

लेसिएलीचं तिच्याकडे लक्षच नव्हतं. ती बापाकडे बघत होती. सेमिसीने ताटली बाजूला ठेवली, घसा खाकरला. लेकीसाठीचा निरोप ऐकायला बायको सवयीने त्याच्याकडे वळली.

"तू थांब जरा," तो तिला म्हणाला. मग मान वळवून, "लेसिएली, जेवलीस का?"

लेसिएली घरून भरपेट जेवून निघाली होती, आईने सोडलंच नव्हतं.

"नाही बाबा," ती म्हणाली.