परवानगीचं पत्र

ग्रंथपालबाईंनी वरच्या फळीवरून कॅसेटचा डबा काढला, फडक्याने पुसला आणि लेखकाच्या मुलीपुढे ठेवला.

"ही तुमच्या बाबांची कादंबरी. पण आधीच सांगते, आत आवाज नाही."

डोळे गेल्यापासून बाबांनी एकच धोशा लावला होता. मरण्याआधी आपली कादंबरी एकदा ऐकायची. घरातल्या प्रती पुरात गेल्या, उरलेल्या प्रकाशकाने रद्दीत घातल्या. सगळ्या वाचनालयांचे उंबरे झिजवून मुलगी शेवटी अंधांसाठीच्या या वाचनालयात आली होती.

"आवाज नाही म्हणजे?"

"आमच्या एक बाई तीन महिने बसून कॅसेटवर वाचत होत्या. रडायची जागा आली की थांबून पाणी प्यायच्या. मग पत्र आलं. परवानगी घेतली नव्हती, चूक आमचीच. सगळं पुसलं, पुस्तक प्रकाशकाला परत केलं."

"मग डबा कशाला ठेवलात?"

"पत्र आत घालून ठेवतो. पुन्हा कोणी चुकून ही कादंबरी वाचायला घ्यायला नको. त्या बाईही आता नाहीत."

मुलीने पत्र उघडलं. 'लेखकाच्या घामाचा हा फुकट बाजार ताबडतोब बंद करा.' खाली बाबांची सही. वरचं टपोरं अक्षर मात्र तिचंच होतं. अशी पत्रं बाबांनी पन्नास तरी धाडली असतील, आणि सांगतील तशी ती लिहून द्यायची. 'ताबडतोब' तिनेच सुचवलं होतं. तेव्हा पंधरा वर्षांची होती ती. बाबांनी पाठ थोपटली होती. तिला स्वतःच्या हाताची किळस आली.

घरी दार वाजताच बाबा उठून बसले.

"मिळाली?"

"त्यांनी वाचून घेतली होती, बाबा. सगळी."

पुसल्याचं आणि पत्राचं तिने गाळलं.

"चोर लेकाचे!" बाबा खदखदून हसले. किती महिन्यांनी हसत होते. "मी नको म्हटलं, तरी वाचलीच! बरं केलं. मीच मेला आडमुठा. घे, कागद घे."

तिने कागद घेतला.

"लिही. माझी कादंबरी कोणालाही ऐकू द्यावी, माझी काही हरकत नाही. आणि एक प्रत मला पाठवावी."

तिने लिहिलं. अक्षर अजून तसंच टपोरं होतं.

"झालं?"

"झालं."

"'ताबडतोब' घातलंस का? त्याशिवाय ती माणसं हलत नाहीत."

तिने मध्ये थोडी जागा करून तो शब्द घातला आणि सहीसाठी कागद त्यांच्या हाताखाली सरकवला.