विझलेल्या दिव्याचा कॅमेरा

झुपान भावांना न्यूयॉर्कच्या रविवारच्या टीव्ही कार्यक्रमात वाजवायला मिळणार म्हटल्यावर त्यांच्या बाबांनी क्लीव्हलंडच्या आपल्या गुत्त्यात नवाकोरा टीव्ही आणून बसवला. त्यांच्यासारखीच स्लोव्हेनियातून येऊन तिथं वसलेली सगळी आळी जमणार होती. थोरला लुडविक अकॉर्डियन वाजवायचा, धाकटा टिने व्हायोलिन. खरं सांगायचं तर लोकांच्या डोळ्यांत पाणी यायचं ते टिनेमुळं. लुडविकला ते ठाऊक होतं, आणि सलतही होतं.

कार्यक्रम थेट जायचा. म्हणून दुपारी प्रेक्षकांसमोर पुरी तालीम, आणि तालीम संपली की निर्माता कात्री घेऊन बसायचा. त्या दिवशी विनोदवीर लांबला, कुत्र्यांचा खेळ लांबला, आणि कात्री शेवटच्यांवर, म्हणजे झुपानांवर आली.

निर्माता रॉस्किननं लुडविकला एकट्यालाच बाजूला घेतलं.

“सहा मिनिटांची तीन कर. सुरुवातीचं ते व्हायोलिनचं रडगाणं काढ, थेट पोल्का घे, ती नाचाची धून. कॅमेरा फक्त तुझ्यावर. दुसरा साबणाच्या जाहिरातीला लागतोय. व्हायोलिनचा माइक बंद.”

“मग टिने?”

“उभा राहू दे की! चौकटीबाहेर असेल. आत्ता सांगून पोराचा हिरमोड कशाला करतोस? आणि जमत नसेल तर तसं सांग बाबा, बाहेर एक जादूगार ताटकळलाय.”

इथं लुडविकनं माती खाल्ली. ‘जमत नाही’ म्हणायला असा कितीसा वेळ लागतो? पण टीव्ही म्हणजे टीव्ही! नंतर सांगू, असं मनाला समजावत तो हो म्हणून मोकळा झाला.

टिनेला त्यानं एवढंच सांगितलं, “संथ भाग गेला. एकदम पोल्का.”

“चालेल, दादा. बघायचं कुठं?”

“समोर.”

चालू कॅमेऱ्यावर लाल दिवा लागतो, हे टिनेला कुणी सांगितलंच नव्हतं. समोर जाहिरातीसाठी थांबलेल्या, विझल्या दिव्याच्या कॅमेऱ्याकडे बघून हसत, जीव ओतून, तो तीन मिनिटं वाजवत राहिला.

टाळ्या पडल्या. टिनेनं भावाला कडकडून मिठी मारली आणि तडक फोन गाठला.

“बाबा! कसे दिसलो?”

बाबांचा आवाज मुळातच दणदणीत. शेजारी उभ्या लुडविकला शब्दन् शब्द ऐकू आला. “लुडविक झकास दिसला रे! पण तू कुठं होतास? आई मघापासून विचारतेय.”

टिनेनं भावाकडे पाहिलं. लुडविकची मान खाली गेली होती. टिनेला काय ते कळलं.

“तार तुटली, बाबा,” तो म्हणाला. “ऐन वेळी. दादा थांबतो म्हणत होता, मीच म्हटलं, तू वाजव.”

मग त्यानं फोन पुढं केला. “घे. तुझं कौतुक करायचंय त्यांना.”

लुडविक पुढं चौदा वेळा टीव्हीवर झळकला, एकटाच. टिने क्लीव्हलंडला परतून कारखान्यात लागला. त्यानं चारचौघांत कानाखाली वाजवली असती, तर लुडविकला माफी तरी मागता आली असती. मेल्यानं तेवढंही केलं नाही. बाबा शेवटपर्यंत गिऱ्हाइकांना सांगत राहिले, धाकट्याची तार तुटली हो, नशीब एकेकाचं. आणि लुडविक शेजारी बसून मान डोलावत राहिला.