कै. मोहनबाई यांचं कपाट

मित्रांनो, मोहनबाई वारल्या. भगवंत सचिवांनी माझं दार शेवटी उघडलं, पण तोवर त्या वारल्या होत्या.

इतकं सांगून झाल्यावर खरं तर मी गप्प बसायला हवं. पण मी लाकडाचा आहे, गप्प बसण्यातच माझा जन्म गेला. म्हणून आपण असं करू, की हे काही झालंच नाही. मोहनबाई बऱ्या आहेत. मुलाच्या कापडदुकानात गादीवर बसून सुपारी कातरतायत. वरची ओळ तुम्ही वाचलेली नाही.

तर, मी एक जुनं कपाट आहे. आळेफाट्यावरून आत वळलं की आठवडे बाजाराचं एक गाव लागतं. तिथल्या सार्वजनिक वाचनालयात मी उभा आहे. गावाचं नाव सांगणार नाही. सांगितलं की तपासणी येते.

मला सोमाजी सुतारांनी घडवलं. साल एक्याण्णव असावं. लाकूड मुळात देव्हाऱ्यासाठी आणलं होतं, त्यामुळे मी लहानपणापासून जरा गंभीर आहे. सोमाजींनी मला सहा कप्पे दिले, काचेची दोन दारं दिली आणि पितळी कुलूप दिलं. कुलूप देऊ नका, असं म्हणण्याइतकी अक्कल मला तेव्हा नव्हती. नव्या लाकडाला सगळंच छान वाटतं.

देव्हाऱ्याचं कपाट झालं ते मोहनबाईंमुळे. पुनमचंद शेठ त्यांचा मुलगा. आईच्या साठीला त्याने विचारलं, काय करू तुझ्यासाठी? त्या म्हणाल्या, वाचनालयातली पुस्तकं खताच्या गोण्यांवर पडलीत, त्यांना कपाट दे. मोहनबाई राजस्थानातून लग्न होऊन आल्या तेव्हा त्यांना मराठीचं एक अक्षर येत नव्हतं. दुकानात गिऱ्हाइकाच्या कापडाला बांधायच्या रद्दीवरून त्या वाचायला शिकल्या. त्यामुळे पुढे कित्येक वर्षं त्यांना अर्धवट बातम्यांचीच सवय होती. कागद फाटला असेल तिथे जग संपायचं. पुरं पुस्तक त्यांनी पहिल्यांदा वाचनालयात पाहिलं.

मी तयार झाल्यावर गेणभाऊ पेंटर आले. ट्रॉलीवरची नावं, लग्नाच्या भिंती, देवळातल्या फरशा, सगळं तेच रंगवायचे. त्यांना कागदावर मजकूर दिला होता. त्यांनी तो खिशात ठेवला आणि माझ्या कपाळावर सोनेरी अक्षरांत लिहून टाकलं: 'कै. मोहनबाई यांच्या स्मरणार्थ'.

त्याच वेळी मोहनबाई चहा घेऊन आल्या.

पुनमचंद शेठना घाम फुटला. गेणभाऊंना मात्र काही चुकल्यासारखं वाटेना. "जित्या माणसाच्या नावानं कोण काय देतं, शेठ?" ते म्हणाले. "मी बाकं रंगवली, पाण्याच्या टाक्या रंगवल्या. सगळी वारलेलीच निघाली." पुसतो म्हणाले, पण पुसलं की डाग राहील. मग चहाचा घोट घेऊन शांतपणे म्हणाले, "असू द्या की. पुढंमागं लागणारच हाय."

मोहनबाई इतक्या हसल्या की बशीतला चहा सांडला. त्या म्हणाल्या, राहू दे तसंच. मेलेल्या बाईला कुणी काम सांगत नाही.

आणि त्यांनी ते खरं केलं. सुनेला सांगून टाकलं, की बाजाराच्या दिवशी दुपारी मी कैलासवासी असते, मला पापड लाटायला बोलावू नको. स्वतःच्या स्मारकाखाली सतरंजी टाकून बसणारी बाई पंचक्रोशीत दुसरी नव्हती. ओझरच्या गणपतीला आलेले पावणे एकदा वाट चुकून वाचनालयात शिरले. त्यांनी माझ्या कपाळावरचं नाव वाचून हात जोडले आणि खाली बसलेल्या बाईला विचारलं, तुम्ही यांच्या कोण? मोहनबाई म्हणाल्या, "जवळचीच."

आता माझं एक दुःख सांगतो. मला वाचता येत नाही. पुस्तकं माझ्या पोटात असतात, डोळ्यांसमोर नाहीत. तुम्हाला तरी जेवलेलं दिसतं का? मला जे काही ठाऊक आहे ते मोहनबाईंच्या तोंडून.

बाजार उलगला की बाया रिकाम्या पाट्या घेऊन वाचनालयाच्या ओट्यावर यायच्या. समोरच एसटी थांबायची. गाडी येईपर्यंत मोहनबाई मोठ्याने वाचायच्या, ओळीखाली बोट धरून, सावकाश. त्यांचा एक नियम होता. पुढचं एकटीने वाचायचं नाही. बाया ज्या ओळीवर उठल्या त्याच ओळीवर त्याही उठायच्या. तिथे दुकानातली लाल काठाची चिंधी ठेवायच्या आणि पुस्तक माझ्याकडे द्यायच्या. त्यामुळे आमच्याकडे प्रकरण कुठे संपायचं हे लेखकाच्या हातात नव्हतं, ड्रायव्हरच्या हातात होतं. त्याने हॉर्न वाजवला की खून अर्धा राहायचा.

सगळ्यांत पुढे बसायच्या धोंडाबाई. मेथी-कोथिंबीर विकायच्या. पुस्तकातल्या माणसांशी त्या थेट बोलायच्या. एखादी नायिका दागिने घेऊन निघाली की म्हणायच्या, "आगं, निदान कागदं तरी घे." एका खलनायकाला तर त्यांनी असं सुनावलं, की मोहनबाई थांबून म्हणाल्या, धोंडाबाई, त्याला बोलू द्या, त्याचं वाक्य राहिलंय. मित्रांनो, ते दिवस माझे चांगले होते. माझी दारं दिवसातून इतक्या वेळा उघडायची की बिजागरीला तेल घालावं लागायचं. पानांना हळदीचे, कोथिंबिरीचे, तंबाखूचे वास होते. एका पुस्तकात मेथीची जुडी सापडली होती. तिला बरेच दिवस खूण समजून कुणी हलवलं नाही.

मग ते एक पुस्तक आलं. कुणी दिलं ते आठवत नाही. त्याला सुरुवातीची पानं नव्हती. नाव नाही, लेखक नाही. मोहनबाईंनी त्याला दुकानातल्या निळ्या कापडाचं कव्हर शिवलं. त्यात एक सासुरवाशीण होती. बाप आजारी आहे असा निरोप येतो आणि ती घरात न सांगता निघते. मध्ये नदी, पूर आलेला. पलीकडून नावाडी तिची हाक ऐकतो आणि होडी सोडतो. ती काठावर उभी. होडी मध्यावर येते.

हॉर्न वाजला.

त्या दिवशी धोंडाबाई उठल्याच नाहीत. एसटी निघून गेली, त्या तशाच बसून राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, "माझाबी बाप असाच व्हता, शेठाणी. घोडनदीला पानी व्हतं. मी पोचले तवर समदं उरकलं व्हतं." मोहनबाईंनी चिंधीवर हात ठेवला. त्यांच्या मनात वाचावं असं आलं असेल. पण बाकीच्या बाया गाडीत बसून गेल्या होत्या आणि नियम म्हणजे नियम. "पुढच्या बाजारी पहिलं हेच," त्या म्हणाल्या.

पुढच्या बाजाराच्या आत तपासणीचं पत्र आलं.

हे तुम्हाला समजावून सांगायला हवं. सरकार वाचनालयांना वर्ग देतं. आमचा 'ड', म्हणजे त्याखाली फक्त जमीन. साहेब येऊन पुस्तकं मोजतात. कमी भरली तर मान्यता जाते. शेजारच्या एका गावाची तशी गेली होती आणि तिथे आता कांद्याच्या गोण्या आहेत, असं भगवंत सचिव सगळ्यांना सांगायचे. भगवंत वाईट माणूस नव्हता. उलट वाचनालयावर त्याच्याइतका जीव कुणाचा नव्हता. जुन्नरहून सायकलला पिशव्या लावून पुस्तकं त्यानेच आणली होती. पत्र येताच तो घरोघर फिरला, गादीखालून, उशाखालून पुस्तकं गोळा केली, सगळी माझ्यात भरली आणि कुलूप लावलं. किल्ली करगोट्याला बांधली. तपासणी झाली की उघडायचं.

मोहनबाईंनी निळं पुस्तक त्या बाजारी स्वतःच्या हाताने माझ्यात ठेवलं होतं. चिंधीसकट.

साहेब आले नाहीत. निवडणूक आली. मग साहेबांची बदली झाली. मग नवे साहेब येणार असं कळलं, म्हणून भगवंताने सगळ्या पुस्तकांना एकसारखी खाकी कव्हरं घातली, निळ्यालाही, आणि पुन्हा कुलूप लावलं. मग जनगणना, मग पाऊस. वाचनालय बंद पडू नये म्हणून ते बंद ठेवण्यात आलं होतं आणि ह्यात काही गडबड आहे असं गावात कुणाला वाटलं नाही. रोज सकाळी भगवंत येऊन माझ्या काचा पुसायचा. मी इतका स्वच्छ कधीच नव्हतो.

मोहनबाई आल्या, म्हणाल्या, भगवंता, तासाभरासाठी ते एक पुस्तक दे, इथेच बसून वाचते.

"मोहनकाकी, त्याच तासाला साहेब आले तर?"

साहेब दोन वर्षं आले नव्हते, म्हणजे कधीही येऊ शकत होते.

धोंडाबाई मात्र दर बाजारी ओट्यावर बसायच्या. दुसऱ्या बाया हळूहळू येईनाशा झाल्या. संध्याकाळी टीव्हीवर मालिका असायच्या आणि त्या हॉर्न वाजला तरी थांबत नसत. धोंडाबाई म्हणायच्या, आवं, लागली आसंल का होडी? मोहनबाई म्हणायच्या, बघू.

एकदा धोंडाबाई म्हणाल्या, "तुमीच सांगा की कायतरी. पोचली म्हना. मी कुठं साहेबाला सांगायला जातीया?"

मोहनबाईंनी ओट्याच्या कडेला हात टेकला. त्यांना तेव्हा दम लागायचा, दोन पायऱ्या चढल्या की. "मला ठाऊक नाही हो," त्या म्हणाल्या. "तुमच्या बापाचं आहे. खोटं कसं सांगू?"

दोघी माझ्या काचेला कपाळ लावून उभ्या राहिल्या. आत सगळं खाकी होतं. एकाच पुस्तकातून लाल काठाचं टोक बाहेर आलेलं होतं, नखाएवढं. तेवढंच त्या बघत होत्या. मी तेव्हा दारं उघडायचा फार प्रयत्न केला. सागाला जेवढं जमतं तेवढं केलं. नुसतं करकरलो. भगवंताने दुसऱ्या दिवशी बिजागरीला तेल घातलं.

आणि मग, मित्रांनो, तुम्ही जी ओळ वाचलेली नाही ती पुन्हा आली. ह्या वेळी ती वगळता येत नाही.

साहेब आले ते त्यानंतरच्याच आठवड्यात. भगवंताने करगोट्याची किल्ली काढून कुलूप उघडलं. पुस्तकं मोजली, पुरी भरली. एक पान दुमडलेलं नाही, एक डाग नवा नाही. साहेब खूष झाले. फक्त एका पुस्तकात चिंधी निघाली. "हे काय?" म्हणत त्यांनी ती ओढून काढली, चष्मा पुसला आणि टेबलावर टाकली. मग माझ्या कपाळाकडे पाहून विचारलं, ह्या बाई कधी गेल्या? भगवंत म्हणाला, गेल्या सोमवारी. साहेबांनी लिहिलं: दर्शनी फलक अद्ययावत.

गेणभाऊंचं कौतुक अखेर सरकारने केलं.

भगवंत त्या दिवशी साहेबांना गाडीपर्यंत सोडून आला आणि ती चिंधी हातात घेऊन टेबलाशी बसला. ती कुठल्या पानातली हे त्यालाही ठाऊक नव्हतं. बाहेर ओट्यावर धोंडाबाई होत्या. त्या आत आल्या, पाटी खाली ठेवली.

"भगवंता, आता उघडलंच हाय तर एक डाव वाचून दाखव."

भगवंत रडत होता असं मला वाटलं, पण माझी काच स्वच्छ असूनही नीट दिसत नव्हतं. तो म्हणाला, "मावशी, शेरा चांगला आलाय. आता 'क' वर्गासाठी पुन्हा येणारेत. तोवर थोडं थांबा."

"शेठाणीबी थांबल्या व्हत्या की," धोंडाबाई म्हणाल्या.

त्याने कुलूप लावलं. चिंधी मात्र त्याने कुलपाच्या कडीला बांधली. ती अजून आहे. रंग उडाला आहे.

मित्रांनो, आमच्यासारख्यांनी शेवटी 'पुस्तकं जपा' असं सांगायचं असतं. मी सांगणार नाही. जपलेली पुस्तकं कशी असतात ते मी पोटात घेऊन उभा आहे. तुम्ही ती वापरा. हळदीच्या हातांनी धरा, उशाखाली ठेवा, मेथीची जुडी घालून विसरा. आणि पुढचं पान कुणासाठी राखून ठेवलं असेल, तर त्या माणसाला फार थांबवू नका.

माझ्यापुरतं म्हणाल तर मी रीतसर अर्ज केला आहे. सचिवांमार्फत सरकारला सविनय सादर, की माझ्या दर्शनी भागावरील 'कै.' हे अक्षर पूर्वलक्षी प्रभावाने रद्द समजण्यात यावे. मोहनबाई यांना येत्या बाजाराच्या दिवशी दुपारी सतरंजीसह हजर राहण्याची परवानगी देण्यात यावी. धोंडाबाई यांना पुढे बसू द्यावे. आणि होडी काठाला लागेपर्यंत एसटीने हॉर्न वाजवू नये, अशा सूचना संबंधितांना द्याव्यात, ही विनंती.