चौदा सेकंदांचे विस्मरण

दूरचित्रवाणी कंपनीच्या अधिकृत इतिहासाच्या दुसऱ्या खंडात, एका तळटिपेत, पुढील वाक्य आहे: "१६ नोव्हेंबर १९५८ रोजी थेट प्रक्षेपित झालेल्या नाटकात लेनर्ड ऑर्मरॉड हा दुय्यम नट ऐन प्रसंगी संवाद विसरला व चौदा सेकंद निःशब्द उभा राहिला. पुढे प्रकृतीच्या कारणास्तव त्याने हा व्यवसाय सोडला."

तारीख बरोबर आहे. नट दुय्यम होता, हेही मान्य. चौदा सेकंद कुणीतरी घड्याळ लावून मोजलेले दिसतात. उरलेले सारे खोटे आहे, आणि ते दयाळूपणाचा आव आणून सांगितलेले असल्यामुळे अधिकच किळसवाणे आहे. ज्याला गुन्हेगार ठरवणे अडचणीचे त्याला आजारी ठरवावे, ही युक्ती दरबारी इतिहासकारांना पूर्वापार ठाऊक आहे. प्रकृतीचेच बोलायचे तर, नट म्हणून काम बंद झाल्यावर ऑर्मरॉडने ब्रॅकनशॉच्या बस डेपोत एकोणतीस वर्षे नोकरी केली. डेपोच्या हजेरीपटात त्याच्या नावापुढे आजारपणाची एकही रजा नाही.

ब्रॅकनशॉ हे लँकेशायरमधले आमचे गिरणगाव. लेनर्डची आई एडिथ साचेखात्यात, म्हणजे मागांवर, विणकर होती. तो चॅपलच्या हौशी मंडळात नाटके करू लागला, तिथून फिरत्या नाटक कंपनीत गेला आणि चौतिसाव्या वर्षी लंडनला दूरचित्रवाणीत पोचला. तिथली त्याची कारकीर्द दोन वर्षांची. अकरा भूमिका: चार हवालदार, दोन पोस्टमन, एक नळ दुरुस्त करणारा, दोन साक्षीदार, एक मृतदेह आणि अखेरची ही. मृतदेह असताना तो संवाद विसरल्याची तक्रार नाही.

अखेरचे नाटक एका गिरणीतल्या आगीविषयी होते. लेखकाने गावाचे नाव बदलले होते, पण १९२६ साली ब्रॅकनशॉच्या प्रॉस्पेक्ट गिरणीत अकरा बायका जळून मेल्या, त्यांत एडिथची धाकटी बहीण होती, हे लेनर्डला कुणी सांगायची गरज नव्हती. तेव्हाच्या चौकशीने निकाल दिला होता की दरवाजा उघडाच होता आणि बायका घाबरून भलतीकडे धावल्या. नाटकातल्या चौकशीत लेनर्ड फोरमनच्या वेषात साक्ष देणार होता. तीन आठवडे तालमीत त्याच्या तोंडी असलेली वाक्ये अशी: "दरवाजाला बाहेरून कुलूप होतं. उशिरा येणारणींना आत घ्यायचं नाही म्हणून. किल्ली मॅनेजरच्या खिशात होती. आम्ही हाका मारत होतो." प्रक्षेपणाच्या दिवशी दुपारी चार वाजता त्याच्या हाती नवे पान आले: "दरवाजा उघडाच होता, साहेब. धुरात आम्हाला तो सापडला नाही." गिरणीमालकांचे चिरंजीव त्या वेळी दूरचित्रवाणी कंपनीच्या संचालक मंडळावर होते. कलात्मक कारणे याहून भक्कम क्वचितच असतात.

आता तंत्राची एक गोष्ट. थेट नाटकात नट अडखळला की स्टुडिओतली प्रॉम्प्टर एक बटण दाबे. बटण दाबले की प्रक्षेपणाचा आवाज बंद होई, तेवढ्यात ती मोठ्याने ओळ सांगे आणि बटण सोडे. घरोघरच्या प्रेक्षकांना दोन सेकंदांची शांतता जाणवे, एवढेच. त्या संध्याकाळी या कामावर मिस पामेला रॅग होत्या. त्यांच्या नोंदवहीतली ओळ मी स्वतः पाहिली आहे: "८.५२. दिग्दर्शकाच्या हुकमाने बटण दाबून धरले. ओळ तीनदा सांगितली. नट बोलत होता." शेवटची तीन पदे कुणीतरी पेन्सिलीने खोडली आहेत. शाई मात्र पेन्सिलीला पुरून उरली.

नट बोलत होता, मग काय बोलत होता? हे त्या स्टुडिओबाहेर इंग्लंडात कुणालाही कळले नसते, असा दिग्दर्शकाचा हिशेब होता. ब्रॅकनशॉ त्याच्या हिशेबात नव्हते.

साचेखात्यात चारशे साचे एकदम चालतात तेव्हा शेजारणीच्या कानात ओरडूनही काही पोचत नाही. म्हणून आमच्याकडच्या बायका ओठांनी बोलतात: चेहरा समोर धरून, एकेक शब्द जबड्यापासून घडवून. ही विद्या त्या गिरणीबाहेरही वापरतात. पाद्री रुमालाआड काय पुटपुटला हे गॅलरीतल्या शेवटच्या बाकाला ठाऊक असते.

त्या रविवारी एडिथच्या पुढच्या खोलीत नऊ बायका बसल्या होत्या. बटाट्याच्या पेस्ट्रीची परात मोकळी झाली होती आणि चहाची दुसरी किटली चालू होती.

"काय गं एडिथ, तुझा लेन आज जिवंत आहे का पुन्हा मेलेलाच?" साच्यावरची तिची शेजारीण नेली शॉरॉकने विचारले.

"जिवंत आहे, आणि बोलणार आहे. पाय काढ त्या स्टुलावरून."

"अगं पण तो बघ, मागच्या बाकावर! आणि ती मिशी! झाडणीच चिकटवलीय जशी."

"तुझ्या नवऱ्याच्या मिशीपेक्षा बरी आहे," हिल्डा पिकप म्हणाली. "त्याची तर खरी असून खोटी दिसते."

पडद्यावर लेनर्ड साक्षीदाराच्या पिंजऱ्यात आला, टोपी काढली आणि म्हणाला, "दरवाजाला—"

आवाज गेला.

"अगं बाई! हिल्डा, दे एक दणका त्या पेटीला."

"हात लावू नकोस," एडिथ म्हणाली. "तो बोलतोय."

लेनर्डने न्यायाधीशाकडे पाठ फिरवली होती. तो सरळ कॅमेऱ्यात पाहत होता. नेली पुढे वाकली आणि वाचू लागली. "दरवाजाला... बाहेरून... कुलूप होतं." पुढचे हिल्डाने उचलले: "उशिरा येणारणींना आत घ्यायचं नाही म्हणून." शेवटची दोन वाक्ये एडिथने एकटीने म्हटली. मग आवाज परतला, तेव्हा दुसराच नट घाईघाईने काहीतरी बोलत होता.

"बत्तीस वर्षांनी कुणीतरी तोंड उघडलं," हिल्डा म्हणाली.

"आणि ह्या मेल्यांनी आवाज बंद केला," नेली म्हणाली.

"करू देत की! आपल्याला कधी आवाज लागला होता?"

दुसऱ्या दिवशी नेलीने साचेखात्यात फर्मान काढले: ज्यांनी ज्यांनी पाहिले त्यांनी आपापल्या घरी बसून, कुणाला न दाखवता, लेन काय बोलला ते लिहून आणायचे. एक्केचाळीस कागद जमले. ते आज माझ्यासमोर आहेत. प्राचीन ग्रंथांच्या संपादकांना इतक्या शुद्ध प्रती क्वचित लाभतात. पाठभेद एकच: तिघींनी "खिशात"ऐवजी "कोटात" लिहिले आहे.

नेलीने त्यांच्या नकला कंपनीला धाडल्या. कंपनीने उत्तर पाठवले, आणि त्यात तिची सारी बुद्धिमत्ता एकवटली आहे: जे शब्द प्रक्षेपित झाले नाहीत त्यांना कंपनी शब्द मानू शकत नाही. नटाचे ओठ हलले ते विसरलेले वाक्य आठवण्याच्या धडपडीत. एक्केचाळीस बायकांचे म्हणणे यावर निकालात निघाले. त्यांची साक्ष आता एकच माणूस वाचवू शकत होता, आणि ती वाचवायची तर त्याला स्वतः दोषी व्हावे लागणार होते.

कंपनीच्या चौकशी समितीचे बोलावणे आले तेव्हा लेनर्ड आईकडे आला होता. बोलावण्यासोबत एक कबुलीजबाब होता, सहीपुरती जागा सोडलेला: "दिव्यांच्या उष्णतेमुळे मला विस्मरण झाले." सही केली तर नव्या साप्ताहिक मालिकेत सार्जंटची भूमिका मिळणार होती, सव्वीस आठवड्यांची. पात्राला स्वतःचे नाव असलेली ती त्याची पहिलीच भूमिका ठरली असती.

"कर सही," एडिथ म्हणाली.

"आई, तू म्हणतेस हे?"

"हो, मीच. आम्ही वाचलं, आम्हाला पोचलं. आता तुझं बघ. घासासाठी खोटं बोलणारा तू काय पहिला आहेस?"

"मी विसरलो म्हटलं तर तुम्ही वाचलेलंही खोटं ठरतं. तुम्ही एक्केचाळीस जणी येड्या ठरता."

"आम्हाला काय, सवय आहे."

"मला नाही," लेनर्ड म्हणाला.

तिने त्याची टोपी खुंटीवरून काढली, बाहीने पुसली आणि त्याच्या हातात दिली. "मग जा. आणि तिथे पुटपुटू नकोस."

समिती २ डिसेंबरला बसली. तिघे सभासद होते, अध्यक्ष मिस्टर गॉडफ्री पेलम. इतिवृत्त लघुलिपीत घेतले गेले. कंपनीने इतिहास लिहिताना ते पाहिलेच असणार, कारण ते ठेवलेल्या पेटीवर इतिहासकाराच्या साहाय्यकाची सही आहे. अध्यक्ष म्हणाले, "मिस्टर ऑर्मरॉड, आपण सगळी माणसंच आहोत. विसरणं हा काही गुन्हा नाही. उलट दुसरं काही असेल, तर मात्र तो फार मोठा गुन्हा आहे, आणि मग तुम्हाला या देशात कुठलाही स्टुडिओ दारात उभं करणार नाही. तेव्हा नीट विचार करून सांगा: तुम्ही विसरलात ना?"

आरोपीचे उत्तर इतिवृत्तात जसे आहे तसे देतो:

"नाही, साहेब. जुनं पान मला पाठ होतं आणि नवंही. हवं तर दोन्ही आत्ता म्हणून दाखवतो. मिस रॅगनी पहिल्यांदा ओळ सांगितली तेव्हाच मला कळलं की आवाज बंद आहे, कारण आवाज चालू असताना त्या कधी बोलत नाहीत. म्हणून मी तोंड कॅमेऱ्याकडे केलं आणि सावकाश बोललो, साच्यावर बोलतात तसं. ते तुमच्यासाठी नव्हतंच. जाणूनबुजून केलं, पूर्ण शुद्धीत केलं. लिहून घ्या."