फोटो कोणी काढला?

आमच्या नकाशा विभागात एक नियम आहे आणि बावीस वर्षांत तो मी एकदाही पाळलेला नाही. खणातून नकाशा बाहेर काढला की त्याच्या जागी लाकडी पट्टी ठेवायची. तांबडी पट्टी म्हणजे नकाशा बांधणीच्या खोलीत गेला, पिवळी म्हणजे आपल्याच कुणाच्या तरी टेबलावर आहे. ज्यांच्या लक्षात राहत नाही त्यांनी ठेवाव्यात पट्ट्या. मला विचारलं की मी डोळे मिटते आणि सांगते, अमुक वारी, इतक्या वाजता, अमक्याने नेला, उजव्या कोपऱ्यात शाईचा डाग. म्हणून मला सगळे कॅमेरा म्हणतात. खोटं कशाला बोलू, मला ते फार आवडायचं.

मंगळवारी नदीकाठचा जुना नकाशा सापडेना. तीनशे अठरा नंबर, मागून कापड लावलेला, दुसरी प्रत नाही. खणात पट्टीही नव्हती. साहेबांनी मला बोलावलं. मी डोळे मिटले, चित्र समोर हजर.

"गेल्या गुरुवारी, सव्वाचारला. बाइंडरदादांनी नेला. डाव्या हातात गुंडाळी, अंगात तपकिरी एप्रन."

दादांच्या खोलीत नकाशा मिळाला नाही. नेल्याचं त्यांना आठवतही नव्हतं. तीस वर्षं फाटके नकाशे जोडलेला माणूस, निवृत्तीला दोन वर्षं उरलेली. साहेब त्यांना म्हणाले, "तुम्हाला आठवत नाही, कॅमेऱ्याला आठवतंय. मी काय समजायचं?" माझा जबाब टाइप होऊन आला. गुरुवारी सकाळी त्यावर माझी सही झाली की दादा घरी बसणार, तेही चोरीचा ठपका घेऊन.

मी काही वावगं केलं नव्हतं. जे दिसलं ते सांगितलं होतं. तरी बुधवारी माझं कशात लक्ष लागेना. पाणी प्यायला उठायची आणि न पिताच परत यायची. शेवटी जिना उतरून बांधणीच्या खोलीत गेले. दादा कापडाच्या पट्टीला खळ लावत होते. ते माझ्याशी भांडतील अशी माझी अपेक्षा होती. भांडले असते तर बरं झालं असतं.

"ताई, तुम्ही म्हणताय म्हणजे नेलाच असणार," ते म्हणाले. "कालपासून डोक्यात तेच चाललंय. आता मलाही आठवायला लागलंय. डाव्या हातात होती गुंडाळी. जड लागत होती."

"मग ठेवलीत कुठे?"

"तेवढंच आठवत नाही बघा."

मला हायसं वाटायला हवं होतं. पण वाटलं नाही. कापड लावलेला एकच कागद, त्याला वजन ते कितीसं?

संध्याकाळी घरी धुतलेल्या कपड्यांच्या घड्या घालत बसले. लेक सफरचंद खात समोर बसली होती. ती एका स्टुडिओत फोटो काढते, ओळखपत्राचे आणि लग्नाचे.

"आई, तो टॉवेल तू तिसऱ्यांदा घडी करतेयस," ती म्हणाली. "काय झालंय?"

मी सगळं सांगून टाकलं. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "डोळे मिट बघू. काय दिसतंय?"

"खणांची कपाटं. दादा दारातून बाहेर पडतायत. मी टेबलाशी खाली मान घालून लिहितेय."

"तू दिसतेस?"

"दिसते की. पाठमोरी. अंबाड्याला हिरवा चाप."

तिचं खाणं थांबलं. "मग फोटो कोणी काढला?"

"म्हणजे?"

"मी दिवसभर लोकांचे फोटो काढते. एकाही फोटोत मी नसते. तू फोटोत आहेस, तर कॅमेरा कोणाच्या हातात होता?"

मी चिडले. उगाच कीस पाडू नकोस म्हटलं, असं तर सगळ्यांनाच दिसतं.

"सगळ्यांना दिसतं, कारण सगळेच मागाहून चित्र रंगवतात. कॅमेरा कुणाच्याच डोक्यात नसतो गं, तुझ्यासारख्या दांडग्या आठवणीच्या माणसाच्याही नसतो. दर वेळी आठवायचं म्हणजे दर वेळी नव्याने काढायचं, आणि हाताशी असेल तो रंग भरायचा." मग म्हणाली, "आणि आई, तो चाप मी तुला शनिवारी आणून दिला."

मी केसांना हात लावला. चाप होता. गुरुवारी तो या घरातच नव्हता. हे कळल्यावर चित्र पुसट व्हायला हवं होतं, पण ते तसंच लख्ख राहिलं. दादांच्या एप्रनची सुटलेली नाडीसुद्धा दिसत होती. मला खरी भीती त्याची वाटली.

गुरुवारी तासभर आधीच ऑफिस गाठलं आणि पहिल्या खणापासून सुरुवात केली. एकेचाळिसाव्या खणात, पुराच्या नकाशाखाली, तीनशे अठरा निवांत पडला होता. त्याला चिठ्ठी टाचलेली होती. 'दोन्ही नकाशांतले पूल ताडून पाहिले.' तारीख गेल्या गुरुवारची, अक्षर माझं. मीच नेला होता, मीच पुराच्या नकाशाबरोबर भलत्या खणात ठेवला होता. पिवळी पट्टी ठेवली असती तर पहिल्याच दिवशी कळलं असतं की नकाशा बांधणीच्या खोलीत गेलेलाच नाही. मी डोळे मिटून पुन्हा पुन्हा पाहिलं. त्या पुलांचं मला काही म्हणजे काहीच आठवलं नाही.

साहेबांनी जबाब फाडला. "कॅमेऱ्यातला रोल संपला वाटतं," म्हणाले. मी नकाशा घेऊन खाली गेले.

"दादा, सापडला. मीच चुकीच्या खणात ठेवला होता. तुम्ही नेलाच नव्हता. माझं चुकलं, मला माफ करा."

त्यांनी हात पुसले आणि नकाशाच्या कडांवरून बोट फिरवलं. "सापडला ना, झालं तर मग." माझ्या मनावरचं ओझं उतरलं. मी वळले तर मागून म्हणाले, "पण ताई, मी नेला होता."

"नाही हो दादा. माझी चिठ्ठी होती त्याला."

"असेल. पण जिन्यावरचा दिवा बंद होता. मी भिंतीला हात लावत उतरलो. डाव्या हातात हाच होता." त्यांनी नकाशाची गुंडाळी करून डाव्या हातात उचलली आणि त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या. "हलका आहे की. मग मला आठवतंय ते काय आहे?"

ते उत्तराची वाट बघत माझ्याकडे पाहत होते. बावीस वर्षं कुणीही काहीही विचारलं की मी आधी डोळे मिटायची. या वेळी मी ते उघडेच ठेवले. मिटले असते तर मलाही दिसलं असतं, दिवा बंद आहे आणि दादा भिंतीला हात लावत जिना उतरतायत.