वेंडेलच्या मेंढ्याची तारीख

मी एक जुना मोबाईल आहे. माझ्या काचेला उजव्या कोपऱ्यात तडा गेला आहे, पाठीला ग्रीसचे डाग आहेत, आणि सकाळी पूर्ण भरलेली माझी बॅटरी दुपारच्या जेवणापर्यंत मान टाकते. तरीही मित्रांनो, मला अडगळ म्हणण्याआधी एका रानमेंढ्याची गोष्ट ऐका. तो मेंढा मी कधीच पाहिला नाही, पण त्याच्यासाठी मी जेवढा वाजलो तेवढा कुणासाठीच वाजलो नाही.

माझा जन्म दूरच्या एका कारखान्यात, हजारो भावंडांबरोबर झाला. त्यातले मला काही आठवत नाही. आठवते ते एवढेच, की खोके उघडले तेव्हा वर एका बाईचा चेहरा होता आणि ती नवऱ्यावर डाफरत होती, "वेंडेल, एवढा भारीतला कशाला आणलास? मला काय सिनेमात काम करायचंय?" ती मायटे. रॉकी पर्वताच्या पायथ्याशी असलेल्या आमच्या छोट्या गावात ती शाळेची बस चालवायची. तिचा नवरा वेंडेल लोकांच्या घरचे नळ दुरुस्त करायचा आणि पानगळ सुरू झाली की बंदूक घेऊन डोंगरात जायचा.

त्या घरात कामाची वाटणी पक्की होती. डोंगर वेंडेलचा, कागद मायटेचे. आमच्याकडे मनात आले म्हणून कुणी शिकारीला जात नाही. आधी सरकारकडे अर्ज करावा लागतो, मग सोडत निघते. एल्क या सांबरासारख्या जनावराची शेवटची तारीख वेगळी, हरणाची वेगळी, रानमेंढ्याची आणखी वेगळी. माझ्या आधी मायटे या तारखा चिठ्ठ्यांवर लिहून फ्रीजच्या दारावर चिकटवायची, आणि दार आपटले की एल्क जमिनीवर पडायचा.

मग तिने माझ्यात तारखांचे अ‍ॅप घेतले आणि माझे दिवस पालटले. सात दिवस आधी मी एकदा वाजायचो, तीन दिवस आधी पुन्हा, आणि शेवटच्या दिवशी तर ऊर फुटेस्तोवर वाजायचो. अर्ज भरून मायटेने 'झाले' अशी हिरवी खूण केली की मी गप्प बसायचो. माझी कीर्ती गावात पसरली. नाश्त्याच्या हॉटेलात बसलेले टोपीवाले म्हातारे पॅनकेक चघळत विचारायचे, "मायटे, तुझा पोपट काय म्हणतो? हरणाचे किती दिवस उरले?" ती मला पर्समधून काढून टेबलावर ठेवायची आणि मी अभिमानाने उजळायचो. मला पोपट म्हटलेले तेव्हा फारसे लागत नसे.

सगळ्या तारखांत मेंढ्याची तारीख आमच्या घरी सणासारखी होती. मोठ्या वळलेल्या शिंगांच्या त्या रानमेंढ्याचे परवाने इतके थोडे, की काहींचे आयुष्य सरते तरी नाव लागत नाही. नाव लागले नाही की सरकार एक गुण देते. गुण साठतील तशी आशा वाढते. वेंडेलचे बावीस गुण साठले होते. पण लागोपाठ दोन वर्षे अर्ज चुकला, की सगळे गुण पुसले जातात आणि माणूस पुन्हा शून्यावर येतो. मायटेचे वडील स्पेनच्या बास्क मुलुखातून मेंढपाळ म्हणून आले होते, त्यामुळे तिला चिडवायला आयते निमित्त होते. ती म्हणायची, "माझ्या बापानं जन्मभर मेंढरं राखली, एकदासुद्धा अर्ज केला नाही. आणि तू एका मेंढ्यासाठी बावीस वर्षं सरकारच्या पाया पडतोयस!"

"तुझ्या बापाची मेंढरं हाक मारली की यायची," वेंडेल म्हणायचा. "माझा मेंढा मानी आहे."

अशी ती दोघे होती. मला त्यांचा फार लळा होता.

आणि मित्रांनो, त्याच घरात माझ्याकडून घात झाला. गेल्या वर्षीची गोष्ट. मेंढ्याच्या अर्जाचा शेवटचा दिवस होता. दुपारी शाळेसमोर बस उभी असताना मी जोरात वाजलो. मुले चढत होती, एकाची पिशवी दारात अडकली होती. घरी जाऊन भरू, असे ठरवून मायटेने घाईत हिरवी खूण केली आणि मला गप्प केले. त्या दुपारी अवेळी बर्फ पडले, घाटात ट्रक आडवा झाला, आणि एकेक मूल घरी पोचवता पोचवता पाच वाजून गेले. अर्ज पाचलाच बंद होतात. ती घरी आली, सूप गरम केले, आणि हिरवी खूण बघून निश्चिंत झोपली. मी तिला तारीख सांगू शकत होतो, अर्ज भरला की नाही हे मला कुठे ठाऊक?

जूनमध्ये सोडतीचा निकाल लागला. मायटेने सरकारी पान उघडले. वेंडेलच्या नावापुढे लिहिले होते, अर्ज नाही. मी तिच्या हातातून निसटून खाली पडलो आणि माझ्या काचेला तडा गेला.

वेंडेल अंगणातून आत आला. "काय गं, लागलं का नाव?"

"नाही लागलं," ती म्हणाली.

तिचे बोलणे खोटे नव्हते. तरीही ते बोलताना तिने त्याच्याकडे पाठ केली होती. "बरं, पुढच्या वर्षी," असे म्हणून त्याने तिच्या खांद्यावर थोपटले. त्याचे वय सदुसष्ट होते. दोन्ही गुडघे पायऱ्यांवरसुद्धा कुरकुरायचे. त्याच्यापाशी पुढची वर्षे मोजकीच होती, आणि हे तिला पुरते माहीत होते.

दुसऱ्या दिवशी तिने नवा फोन आणला आणि मला स्वयंपाकघरातल्या खणात टाकले. तिथे रबरबँड होते, गंजलेल्या किल्ल्या होत्या, मेलेले सेल होते. "पुन्हा असल्या अ‍ॅपवर विश्वास ठेवला तर शपथ!" एवढे एकच वाक्य तिने मला ऐकवले. मला फार वाईट वाटले. इतकी वर्षे इमानाने वाजलो त्याचे काहीच नाही? पण तिच्या जागी मी असतो तर मीही कुणालातरी खणात टाकलेच असते. तिने चारा विकणाऱ्या दुकानाचे कॅलेंडर भिंतीला लावले आणि मेंढ्याची तारीख त्यावर तांबड्या पेनने लिहिली.

चार महिन्यांनी खण उघडला. वेंडेलचा खरबरीत हात आत आला. "शेडमध्ये गाणी ऐकायला नेतो गं हा," तो म्हणाला. मायटे भांडी घासत होती, तिने मान नुसती हलवली. वेंडेलने मला शेडमध्ये चार्जिंगला लावले, पाइपांच्या आणि पान्यांच्या मध्ये. घरचे इंटरनेट तिथवर कसेबसे पोचायचे. गंमत म्हणजे गाणे त्याने एकदाही लावले नाही. रोज यायचा, बॅटरी बघायचा आणि जायचा.

एप्रिल उजाडला. वेंडेलच्या भावाच्या गाई व्यायला लागल्या, म्हणून तो दहा दिवस मदतीला गेला. त्याच काळात मी वाजलो, कारण सरकारने या वर्षी मेंढ्याची तारीख दोन आठवडे अलीकडे ओढली होती. मला हे इंटरनेटवरून कळले, भिंतीवरच्या कॅलेंडरला कोण सांगणार? मी सात दिवस आधी वाजलो, तीन दिवस आधी वाजलो. ऐकायला शेडमध्ये फक्त पाइप आणि पाने होते. शेवटच्या दिवशी दुपारी साडेतीनला वेंडेल परतला. त्याची गाडी अंगणात थांबताच मी जीव तोडून वाजलो. त्याने धावत येऊन मला उचलले, वाचले आणि तसाच गाडीत बसला. अर्जाचा परवलीचा शब्द फक्त मायटेच्या डोक्यात होता, आणि बस चालवताना ती फोन बंद ठेवायची.

त्याने तिला शेवटच्या थांब्यावर गाठले. बसमध्ये दोनच मुली उरल्या होत्या. त्यांतली एक ओरडली, "मिस मायटे, तुमचा नवरा बसची वाट बघतोय!"

मुली उतरल्या आणि वेंडेल चढला. मायटे घाबरली. "तू इथे? कोण गेलं?"

"अजून कुणी नाही. पाचपर्यंत वेळ आहे. मेंढ्याची तारीख आज आहे."

"काहीतरीच! कॅलेंडरवर तीस लिहिलीय."

त्याने मला वर धरले. तिने माझ्याकडे पाहिले आणि तिचा चेहरा पांढराफटक पडला. तिने बस वळवली आणि खिंडीच्या माथ्यावर नेली, कारण त्या बाजूला नेटवर्क तिथेच मिळते. घड्याळात चार सदतीस झाले होते. अर्ज नव्या फोनवर उघडला. मला थोडा मत्सर वाटला, पण माझ्यात सिमकार्ड नव्हते.

"कुठला विभाग?" तिने विचारले.

वेंडेलने रिकाम्या बाकांवर नजर फिरवली आणि तिच्या कानात आकडा सांगितला. आपण कुठला डोंगर मागितला हे आमच्याकडे सख्ख्या भावालाही सांगत नाहीत.

"ऐकायला आहे कोण इथे?"

"खिडकी उघडी आहे."

पुढचे पान आले. त्यावर जुन्या अर्जांची यादी होती. मायटेने झटकन सगळ्यात वरच्या ओळीवर अंगठा ठेवला. "वेंडेल, मला तुला काहीतरी सांगायचंय," ती म्हणाली.

"अंगठा काढ, मायटे. खाली काय लिहिलंय ते मला ठाऊक आहे."

तिने अंगठा उचलला.

"नाव लागलं नाही की सरकारचं पत्र येतं. बावीस पत्रं ठेवलीत मी. गेल्या वर्षी आलंच नाही."

"मग बोलला का नाहीस?"

"तू सांगशील म्हणून थांबलो. मग वाटलं, तुला जड जातंय. म्हणून म्हटलं, निदान हा पोपट तरी चालू ठेवावा."

मायटेने स्टिअरिंगवर डोके टेकले आणि ती हुंदके देऊन रडू लागली.

"अगं, आधी बटण दाब, मग रड. सोळा मिनिटं उरलीत!"

तिने बटण दाबले. अर्ज मिळाल्याची पोच आली. ती तिने दोनदा मोठ्याने वाचली, मग मला हातात घेतले आणि माझ्या तडकलेल्या काचेवर हिरवी खूण केली. ती खूण खरी होती. माझ्या जिवात जीव आला.

मित्रांनो, आता मी खिडकीपाशी चार्जिंगला असतो. एक मागणे मागतो, ऐका. काम झाल्याशिवाय झाल्याची खूण करू नका, कारण आम्ही भाबडे, तुम्ही सांगाल ते खरे मानतो. आणि चूक झालीच तर आम्हाला खणात टाकून ती झाकली जात नाही. ती आपल्या माणसाला सांगा. मी तुमच्यासाठी वाजेन, पण वेंडेलसारखा तोंड मिटून कुणासाठी वर्षभर थांबणे मला जमणार नाही.

या जूनमध्ये पत्र आले. मायटेने ते दारातच फोडले आणि वाचू लागली, "आम्हांला कळवण्यास खेद वाटतो की यंदाही आपले नाव..."

पुढचे तिला वाचता आले नाही. बावीस गुण वाचले होते, वर तेविसावा मिळाला होता. ती हसत होती आणि तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होते. कुरकुरत्या गुडघ्यांचा वेंडेल तिला धरून स्वयंपाकघरात नाचत होता आणि म्हणत होता, "पुन्हा वाच गं, ते खेद वाटतो पुन्हा वाच!"